आईला नाकातून नळी घालायची की नाही? घरात एकमत होत नाहीये

ओंजळ
नमस्कार. इथे बरीच वर्षं वाचतेय, लिहिणं कमी. आज मात्र लिहायलाच हवं असं झालंय.
आईला अल्झायमर्स आहे, डॉक्टरांच्या मते शेवटचा टप्पा. बोलणं दोनचार शब्दांवर आलंय, आधाराशिवाय बसता येत नाही, आम्हाला ओळखत नाही, गिळताना ठसका लागतो. मध्यंतरी घास श्वासनलिकेत गेला त्यातून न्यूमोनिया झाला, अ‍ॅडमिट केलं, अँटिबायोटिक्सने बरी होऊन घरी आली. पण आता खाणं अगदीच कमी झालंय. चार घास झाले की तोंड मिटून घेते.
डॉक्टर म्हणाले रायल्स ट्यूब (नाकातून पोटात जाणारी नळी) घालायची का ते तुम्ही घरचे ठरवा. तिथेच सगळं अडलंय. भाऊ म्हणतो ट्यूब घालायचीच, "आईला उपाशी मारायचं का?" असं सरळ विचारतो, आणि या वाक्यापुढे माझ्याकडे काही उत्तर नसतं. पण अ‍ॅडमिट असताना ट्यूब होती तेव्हाचं मी बघितलंय. ती सारखी ओढून काढायची म्हणून दोन्ही हात पलंगाच्या कठड्याला बँडेजने बांधले होते. सोडले की ती आधी मनगट चोळायची, लगेच परत नाकाकडे हात. तिला काही कळत नाही म्हणतात पण हे कळत होतंच ना. बाबा काहीच बोलत नाहीत, विचारलं तर उठून आतल्या खोलीत जातात.
ज्यांच्या घरात हे झालंय त्यांनी प्लीज लिहा. काय केलं, कसं ठरवलं.

शेवंती_७
ओंजळ, आधी तुम्हाला धीर. माझ्या सासूबाईंच्या वेळी हेच. आम्ही ट्यूब नाही घातली, शेवटपर्यंत चमच्याने भरवलं, जेवढं गेलं तेवढं. नातेवाईक बोलले, अजून बोलतात. सविस्तर नंतर लिहीन, आत्ता फक्त एवढंच की उपाशी मारणं आणि भूक मेलेल्या माणसाला जबरदस्ती न करणं यात जमीनअस्मानाचा फरक आहे.

गंधार_एमडी
मी फिजिशियन आहे, पण तुमच्या आईंना तपासलेलं नाही, त्यामुळे हे सर्वसाधारण समजा आणि तुमच्या डॉक्टरांशी बोला.
अल्झायमर्स हा नुसता विसरण्याचा आजार नाही, मेंदू हळूहळू निकामी होत जातो आणि शेवटी चालणं, बसणं, गिळणं हेही त्याच क्रमाने जातं. गिळणं बिघडणं हा आजाराचाच भाग आहे, मधेच आलेली वेगळी अडचण नव्हे. लोकांना वाटतं खाणं कमी झालं म्हणून माणूस खंगतोय, पण या टप्प्यात बहुतेक वेळा उलटं असतं. शरीर बंद पडत चाललेलं असतं म्हणून खाणं कमी होतं.
आता ट्यूबचं. अ‍ॅडव्हान्स्ड डिमेन्शियात, म्हणजे अल्झायमर्ससारख्या स्मृतिभ्रंशाच्या शेवटच्या टप्प्यात, ट्यूबने आयुष्य वाढतं असा पुरावा नाही. न्यूमोनिया टळतो असंही नाही, कारण स्वतःची लाळ आणि पोटातून वर येणारं अन्न हे ट्यूब असतानाही फुफ्फुसात जाऊ शकतं. बेडसोअर्स कमी होतात असंही दिसलेलं नाही. उलट पेशंट नळी ओढतो म्हणून हात बांधावे लागतात किंवा गुंगीची औषधं द्यावी लागतात. अमेरिकन जेरियाट्रिक्स सोसायटीने (वृद्धांवर उपचार करणाऱ्यांची संघटना) २०१४ साली स्पष्ट भूमिका घेतली की या टप्प्यात फीडिंग ट्यूबची शिफारस करू नये, त्याऐवजी जपून हाताने भरवावं. मी स्वतः पेशंटच्या घरच्यांना हेच सांगतो.
भरवताना शक्य तितकं ताठ बसवा, हनुवटी थोडी खाली, अर्धा चमचा, गिळल्याची खात्री झाल्यावरच पुढचा, नंतर अर्धा तास तरी आडवं करू नका. पाणी पातळ असल्यामुळे जास्त ठसका लागतो, ते घट्ट करून देता येतं. तोंड मिटलं की थांबायचं. ते मिटलेलं तोंड हे त्यांचं उत्तर आहे असं मी मानतो.

काजवा
डॉक्टरसाहेब तुमच्याबद्दल आदर आहे पण हे वाचून कोणी सरसकट "ट्यूब वाईट" असं धरून चालू नये म्हणून लिहितेय. माझ्या नवऱ्याला स्ट्रोक आला तेव्हा गिळणं पूर्ण बंद झालं होतं, ट्यूब होती म्हणून जगले. स्पीच थेरपिस्ट रोज यायची गिळण्याचे व्यायाम घ्यायला आणि हळूहळू ट्यूब निघाली, आज स्वतःच्या हाताने जेवतात. तेव्हा मला कोणी येऊन सांगितलं असतं की आता राहू दे, तर? मला त्या विचारानेही कापरं भरतं.

गंधार_एमडी
काजवाताई, अगदी बरोबर, आणि हे तुम्ही लिहिलंत ते फार बरं झालं. स्ट्रोकमध्ये गिळणं परत येऊ शकतं, तिथे ट्यूब हा मधला पूल आहे. घशाच्या कॅन्सरला रेडिएशन चालू असताना, काही मज्जासंस्थेच्या आजारांत, ट्यूब खूप उपयोगी पडते. म्हणून प्रश्न ट्यूब चांगली की वाईट असा नसतोच. या माणसाला, या आजारात, या टप्प्यावर ट्यूब कशाच्या आशेने घालायची, तो आहे. पलीकडे काही किनारा असेल तर अवश्य घालावी. शंका असेल तर ठरावीक मुदतीसाठी घालून बघता येतं, पण काय सुधारलं तर ठेवायची आणि काय नाही सुधारलं तर काढायची हे घालण्याआधी बोलून ठेवायचं. नंतर बोलणं कोणालाच जमत नाही.

दूरदेशी
मी बहुतेक तुमच्या भावाच्या जागेवरचा माणूस आहे. माझे वडील गेले तेव्हा मी बाहेर होतो आणि फोनवरून मीच सगळ्यात जास्त जोर लावत होतो की व्हेंटिलेटर लावा, दुसरं मोठं हॉस्पिटल बघा, अजून एक ओपिनियन घ्या. बहीण तिथे रोज त्यांच्या जखमा पुसत होती आणि मी तिला प्रेमाने नाही तर हिशोब मागितल्यासारखं विचारत होतो. लांब असलेल्या माणसाला आजार दिसत नाही हो, त्याला फक्त रिपोर्ट दिसतात. आणि रिपोर्टमध्ये सोडियम सुधारलेलं असतं.
तुमचा भाऊ जवळ राहतो की लांब माहीत नाही. जवळ असेल तर त्याच्या हातात चमचा द्या. एक पूर्ण दिवस सगळं भरवणं, तोंड पुसणं, कूस बदलणं त्यालाच करू दे. वाद घालण्यापेक्षा याने जास्त समजतं. आणि "उपाशी मारायचं का" हे तो तुम्हाला नाही विचारत आहे, आई जाणार याची भीती बोलतेय ती.

ओंजळ
दूरदेशी, भाऊ लांबच असतो, वर्षातून एकदा येतो. तुमचं वाचून पहिल्यांदा त्याच्या बाजूने विचार केला मी. त्याला हा धागा पाठवलाय.
गंधार डॉक्टर, तिला भूक लागत असेल का हो? कळवळत असेल आणि सांगता येत नसेल, हाच विचार रात्रभर येतो.

रातपाळी
याचं उत्तर मी देते, मी नर्स आहे, आयसीयू आणि नंतर पॅलिएटिव्ह वॉर्ड (आजार बरा होणार नसेल तिथे त्रास कमी करणारा) दोन्ही केलंय. जाणाऱ्या माणसाला आपल्यासारखी भूक लागत नाही. खाणं कमी झालं की शरीर साठवलेली चरबी वापरायला लागतं, त्यात कीटोन तयार होतात आणि त्यांनी भूक आणखी मरते. ज्यांना बोलता येतं असे कॅन्सरचे पेशंट मला स्वतः सांगायचे की भूक नाहीये, घरचे आग्रह करतात म्हणून खातो. त्रास होतो तो कोरड्या तोंडाचा, आणि तो सलाईनने जात नाही, उलट शेवटी सलाईन जास्त झालं तर पायावर सूज येते, छातीत घरघर वाढते. कोरड्या तोंडाला उपाय साधा आहे पण तो कोणी तरी बसून करावा लागतो. स्वच्छ गॉझ बोटाला गुंडाळायचं, पाण्यात बुडवून नीट पिळायचं, म्हणजे थेंब घशात जाणार नाही, आणि हिरड्या, जीभ, गालाच्या आतून हळूच फिरवायचं. ओठांना व्हॅसलीन. दर दोन तासांनी. काही जणांना आवडत्या चवीत बुडवलेलं बोट लागलं की ओठ हलतात, चव शेवटपर्यंत राहते काही जणांची. बाबांना हे काम द्या, ओंजळ. न बोलणाऱ्या माणसांना हाताला काम हवं असतं.
आणि आणखी एक गोष्ट आत्ताच ठरवा, ट्यूबपेक्षा ती मोठी आहे. पुढचा न्यूमोनिया झाला की काय करणार? हॉस्पिटल? आयसीयू? व्हेंटिलेटर? हृदय थांबलं तर सीपीआर? रात्री धाप लागल्यावर हे ठरवता येत नाही, रात्री माणूस फक्त अ‍ॅम्ब्युलन्सला फोन करतो. सीपीआर म्हणजे सिरियलमध्ये दाखवतात तसं चार वेळा छाती दाबली आणि डोळे उघडले असं नसतं. म्हाताऱ्या हाडांच्या फासळ्या मोडतात, आवाज येतो. अमेरिकेतल्या आकड्यांप्रमाणे हॉस्पिटलमध्ये असताना हृदय थांबून सीपीआर दिलेल्या पासष्टीच्या पुढच्या लोकांत साधारण पाचातला एक हॉस्पिटलमधून जिवंत बाहेर पडतो, आणि अ‍ॅडव्हान्स्ड डिमेन्शियात तेवढेही नाहीत. मी केलेत, असंख्य केलेत. काही वेळा मनात म्हटलंय की यांना कोणी तरी आधी विचारायला हवं होतं.

मुक्काम_पोस्ट
माफ करा पण मला हा सगळा सूर पटत नाही. जन्म आणि मरण आपल्या हातात नाही. आपण कोण ठरवणार? प्रयत्न करणं एवढंच आपल्या हातात. अरुणा शानभाग आठवतात का? मुंबईच्या केईएम हॉस्पिटलमधल्या नर्स, हल्ल्यानंतर कायमच्या अंथरुणाला खिळलेल्या. तिथल्याच नर्सेसनी त्यांना १९७३ पासून सांभाळलं, त्यांचं दयामरण नको म्हणून त्या नर्सेस उभ्या राहिल्या, आणि २०११ मध्ये सुप्रीम कोर्टानेही त्यांचंच ऐकलं. २०१५ मध्ये त्या गेल्या तोवर बेडसोअर होऊ दिला नाही म्हणतात. त्याला म्हणतात सेवा.

रातपाळी
मुक्काम_पोस्ट, त्या सिस्टर्सबद्दल माझ्याइतका आदर कोणाला असेल. एवढी वर्षं एका माणसाला कूस बदलून देणं काय असतं ते मला माहीत आहे. पण इथे कोणी सेवा थांबवा म्हणत नाहीये. नळी न घालता भरवायला जास्त सेवा लागते, कमी नाही. ट्यूबमधून फीड जायला दहापंधरा मिनिटं, हाताने भरवायला तास सव्वा तास.

वकीलकाका
अरुणा शानभाग निकालाचा उल्लेख झाला म्हणून कायद्याचं सांगतो, गैरसमज फार आहेत.
७ मार्च २०११ च्या त्या निकालात कोर्टाने अरुणा यांच्यापुरती परवानगी नाकारली, बरोबर. पण त्याच निकालात पहिल्यांदा मान्य केलं की ठरावीक परिस्थितीत, हायकोर्टाच्या परवानगीने, कृत्रिम उपचार थांबवता येतील. पुढे ९ मार्च २०१८ ला 'कॉमन कॉज' प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं की सन्मानाने मरण हा घटनेच्या कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्काचा भाग आहे, सज्ञान आणि भानावर असलेला माणूस उपचार नाकारू शकतो, आणि आधीच लिहूनही ठेवू शकतो. त्यालाच लिव्हिंग विल म्हणतात. इंजेक्शन देऊन मरण आणणं मात्र आपल्याकडे गुन्हाच आहे, तो वेगळा विषय.
२०१८ ची पद्धत इतकी किचकट होती की कोणाला वापरता आली नाही. २४ जानेवारी २०२३ ला कोर्टाने ती सोपी केली. आता हॉस्पिटलमध्ये उपचार करणारे डॉक्टर आणि दोन तज्ज्ञ यांचं पहिलं मंडळ, मग वेगळ्या तिघांचं दुसरं, त्यातला एक सिव्हिल सर्जन किंवा मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याने नेमलेला. दोघांनीही शक्यतो ४८ तासांत मत द्यायचं. मॅजिस्ट्रेटला कळवायचं, त्यांनी येऊन पाहण्याची अट गेली. लिव्हिंग विल नसेल तरी घरच्यांच्या संमतीने हाच मार्ग आहे. अडचण अशी की अनेक हॉस्पिटलांत अशी मंडळं नेमलेलीच नसतात आणि मग घरच्यांच्या हातात डामाचा (वैद्यकीय सल्ल्याविरुद्ध घरी नेत असल्याचा) फॉर्म येतो.

शेवंती_७
डामा!! तेच आमच्याकडे झालं. सही करा, वैद्यकीय सल्ल्याविरुद्ध नेतोय म्हणून. कोणता सल्ला, कोणाच्या विरुद्ध? डॉक्टर तोंडाने म्हणत होते घरी न्या आता काही उरलं नाही आणि कागदावर आम्ही गुन्हेगार. ऑक्सिजन काढला, सासूबाईंना स्ट्रेचरवर घातलं, आणि धापेसाठी एक गोळीसुद्धा हातात दिली नाही. घरी आल्यावर पहिली रात्र भयानक गेली. दुसऱ्या दिवशी ओळखीतून एक पॅलिएटिव्ह केअरच्या डॉक्टर आल्या, त्यांनी मॉर्फिन चालू केलं, थोड्या वेळात श्वास संथ झाला. आदल्या दिवशी ते मिळालं असतं तर त्या रात्रीचा त्रास वाचला असता, हा राग माझा अजून गेलेला नाही.

ओंजळ
मॉर्फिन म्हणजे... त्याने माणूस लवकर जातो ना?

गंधार_एमडी
नाही. हा गैरसमज डॉक्टरांमध्येही आहे. दुखण्यासाठी किंवा धापेसाठी, छोट्या डोसपासून सुरू करून, परिणाम बघत वाढवलेलं मॉर्फिन मृत्यू ओढून आणत नाही. सुरुवातीला पेंग येते, बद्धकोष्ठ होतो म्हणून सोबत रेचक देतात. आपल्याकडे अडचण मिळण्याची होती, १९८५ च्या एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी) कायद्यामुळे हॉस्पिटलं परवान्यांच्या भानगडीत पडायचीच नाहीत. २०१४ च्या दुरुस्तीने नियम सुटसुटीत झाले पण भीती उरली आहे. म्हणून आत्ताच, ती घरी स्थिर असताना, जवळची पॅलिएटिव्ह टीम शोधून ठेवा, अनेक ठिकाणी घरी येऊन बघतात. आपल्याकडे वांद्र्याचं शांती आवेदना सदन १९८६ पासून आहे, टाटा मेमोरियलचा पॅलिएटिव्ह विभाग आहे, पुण्यात वारज्याचं सिप्ला सेंटर १९९७ पासून. यांची सुरुवात कॅन्सरच्या रुग्णांपासून झाली, त्यामुळे डिमेन्शियासाठी कोण घेतं ते फोन करून विचारावं लागेल. केरळने २००८ मध्येच पॅलिएटिव्ह केअरचं सरकारी धोरण केलं, तिथे नर्स घरोघर जाते. आपण त्यात फार मागे आहोत याचं मला मनापासून वाईट वाटतं.

मुक्काम_पोस्ट
माझा मुद्दा थोडा वेगळा होता पण ठीक आहे. शेवंतीताईंचं वाचून वाईट वाटलं. विनोबांनी १९८२ मध्ये पवनारला अन्न, औषध सोडलं, तेही आपल्याच परंपरेत बसतं हे मी नाकारत नाही. फक्त तो निर्णय त्यांचा स्वतःचा होता, पूर्ण भानावर असताना घेतलेला. दुसऱ्याने आपल्यासाठी घेतलेला नव्हता. इथे माझं अडतं.

दूरदेशी
हा मुद्दा मला सगळ्यात खरा वाटला. म्हणूनच ओंजळ, "आपण काय करायचं" हा प्रश्न थोडा बाजूला ठेवा आणि तिघं मिळून हे आठवा की आई धडधाकट असताना काय म्हणायची. कोणाच्या आजारपणात, कोणी गेलं तेव्हा, टीव्हीवर काही बघताना. प्रत्येक जण कधी ना कधी बोललेला असतो. आमच्या वडिलांचं वाक्य बहिणीला आठवत होतं, मला नव्हतं, आणि ती फोनवर सांगत होती तेव्हा मी मधेच तोडत होतो.

ओंजळ
काल रात्री आम्ही तिघं व्हिडिओ कॉलवर बसलो. भावाने धागा पूर्ण वाचला होता. दूरदेशींचा प्रश्न मी बाबांना विचारला आणि बाबा बोलले. म्हणाले आजी (आईची आई) हॉस्पिटलमध्ये नळ्या लावून पडली होती तेव्हा आई परत येताना रिक्षात म्हणाली होती, माझं असं करू नका, मला माझ्या खोलीत राहू द्या. हे त्यांना पहिल्यापासून आठवत होतं पण बोललो तर आपणच तिला ढकललं असं होईल म्हणून गप्प होते. भाऊ बराच वेळ कॅमेरा बंद करून बसला. मग म्हणाला ट्यूब नको, पण न्यूमोनिया झाला तर अँटिबायोटिक द्यायचं, घरी देता येईल तेवढं, आयसीयू नाही. मला ते मान्य आहे. तो पुढच्या आठवड्यात येतोय.
आता वकीलकाका एक विचारायचं आहे. आईचं लिव्हिंग विल आता करता येईल का? आणि बाबांना स्वतःचं करायचंय, त्याला काय लागतं?

काजवा
ओंजळ, वाचून डोळे भरले. बाबांना सांगा त्यांनी तिला ढकललं नाही, तिचं म्हणणं त्यांनी जपून ठेवलं होतं.

वकीलकाका
आईंचं आता नाही करता येणार, लिहिताना माणूस पूर्ण भानावर आणि स्वतःच्या मर्जीने लिहिणारा हवा. त्यांच्यासाठी तुमच्या डॉक्टरांना भेटून तिघांचं जे ठरलं ते फाईलमध्ये लिहून घ्या. सीपीआर न करण्याबाबत आयसीएमआरची (भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद) २०२० ची मार्गदर्शक तत्त्वं आहेत, डॉक्टरांना त्यांची आठवण करून द्या, फॉर्मचा नमुनाही त्यात आहे.
बाबांचं सोपं आहे. कोणते उपचार कोणत्या परिस्थितीत नकोत ते स्पष्ट शब्दांत लिहायचं, नुसतं "मला त्रास देऊ नका" असं मोघम नको. दोन साक्षीदारांसमोर सही, मग नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्यासमोर साक्षांकन. साक्षीदार शक्यतो घराबाहेरचे घ्या. एक प्रत फॅमिली डॉक्टरकडे, एक घरात सगळ्यांना माहीत असलेल्या जागी, एक महापालिका किंवा स्थानिक संस्थेने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे. मन बदललं तर केव्हाही लेखी रद्द करता येतं.
त्यांच्या वतीने बोलणाऱ्या माणसाचं नाव घालायचं असतं, २०२३ पासून एकापेक्षा जास्त नावं चालतात. तुमचं घालाच, पण भावाचंही घाला, आणि ते वाचून दाखवताना तो समोर असू दे. पुढच्या आठवड्यात तो येतोच आहे तर त्याच वेळी उरकून घ्या.